मोनिका विट्टी: आधी आवाज, मग चेहरा

मा. संपादक,

स. न. वि. वि.

रविवारच्या पुरवणीत मोनिका विट्टीवर आलेला लेख आम्ही दोनदा वाचला. एका इटालियन अभिनेत्रीसाठी सीमाभागातल्या मराठी दैनिकाने अर्धे पान द्यावे, याचे आम्हाला फार अप्रूप वाटले. लेखाखालच्या चौकटीत तिचे चार चित्रपट या हिवाळ्यात बेळगावात दाखवावेत अशी सूचनाही आहे, ती आम्हाला मनापासून मान्य आहे. म्हणूनच हे पत्र जरा सविस्तर लिहीत आहोत. लेखात तीन गोष्टी चुकल्या आहेत. विट्टीला ‘अँटोनिओनीची नायिका’ म्हणून एका दिग्दर्शकाच्या नावाला बांधले आहे. तिची कारकीर्द १९६४ साली संपवली आहे. आणि तिचा अभिनय ‘मुक्या ओठांचा, बोलक्या डोळ्यांचा’ असल्याचे म्हटले आहे. पहिल्या दोन चुका तारखा तपासल्या की दुरुस्त होतील. तिसरीमुळे मात्र चित्रपट दाखवणारेही चुकीच्या वाटेला लागतील, कारण विट्टी ही आधी आवाज आहे आणि चेहरा त्यानंतर. तिचे चित्रपट नुसते बघून भागत नाही. ते नीट ऐकू येतील अशी सोय करावी लागते, आणि ती सोय कशी करायची हे ठरलेले आहे.

तिचे मूळ नाव मारिया लुइझा चेचारेल्ली. जन्म रोममध्ये, ३ नोव्हेंबर १९३१ चा. बालपणाची काही वर्षे सिसिलीतल्या मेस्सिना शहरात गेली. ही बारीकशी माहिती पुढे महत्त्वाची ठरते, तेव्हा लक्षात ठेवावी. १९५३ मध्ये तिने रोमच्या सिल्व्हियो दामिको राष्ट्रीय नाट्य अकादमीतून पदविका घेतली. ‘विट्टी’ हे आईच्या ‘विट्टील्या’ या आडनावाचे अर्धे रूप. अकादमीतले तिचे शिक्षक सेर्जो तोफानो हे स्वतः विनोदी भूमिकांत मुरलेले नट होते, आणि रंगभूमीवर तिची सुरुवात विनोदी नाटकांतूनच झाली. ‘गंभीर नटी पुढे विनोदाकडे वळली’ असे वाक्य तिच्याबद्दल सर्रास छापले जाते. प्रत्यक्षात क्रम उलटा आहे. विनोद आधी होता, मधली चार वर्षे तो बाजूला ठेवला गेला, आणि मग ती आपल्या घरी परतली.

अँटोनिओनीने तिला प्रथम ऐकले ते डबिंगच्या खोलीत. १९५७ च्या ‘इल ग्रिदो’ या त्याच्या चित्रपटात पेट्रोल पंप चालवणाऱ्या बाईची भूमिका डोरियन ग्रे या नावाने काम करणाऱ्या नटीने केली होती, आणि तिला आवाज दिला विट्टीने. म्हणजे अँटोनिओनीच्या पडद्यावर तिचा आवाज तिच्या चेहऱ्याच्या तीन वर्षे आधी येऊन गेला होता.

इथे इटालियन चित्रपटांची रीत समजून घ्यायला हवी. १९३० च्या दशकात तिथल्या राजवटीने परदेशी चित्रपट मूळ भाषेत दाखवायला बंदी केली. त्यामुळे डबिंगचा मोठा धंदा उभा राहिला, आणि युद्धानंतर इटलीतले स्वतःचे चित्रपटही त्याच रीतीने बनू लागले. छायाचित्रणाच्या वेळी कॅमेरा घरघरतो, रस्त्यावरची वाहने ऐकू येतात, समोरचा नट भलत्याच भाषेत बोलतो. या कशाचीच फिकीर नसे, कारण संवाद नंतर भरायचे असत. जागेवर फक्त पायलट ट्रॅक, म्हणजे नंतर आधाराला म्हणून कच्चे ध्वनिमुद्रण, घेतला जाई. मग प्रसंगाचे छोटे तुकडे करून त्यांचे लूप बनवत, बहुधा मिनिटाच्या आतले. लूप पडद्यावर पुन:पुन्हा फिरतो. कलाकार तो दोन-तीनदा नुसता पाहतो आणि श्वास कुठे घेतला आहे ते हेरतो. त्यानंतर पायलट ट्रॅक कानात घेऊन बोलतो, आणि शेवटी तोही बंद करून बोलतो.

चुका ठरावीक ठिकाणी होतात. प, फ, ब, भ, म या ओष्ठ्य वर्णांना ओठ मिटतात, तिथे आवाज पुढेमागे झाला की प्रेक्षकाला लगेच खटकते. वाक्याच्या शेवटी तोंड उघडे राहिले आणि आवाज थांबला, तर माणूस बाहुलीसारखा दिसतो. दूरवरच्या दृश्यातले वाक्य माइकच्या जवळ तोंड नेऊन म्हटले की ते कानात कुजबुजल्यासारखे येते. आणि श्वास विसरला की सारेच खोटे वाटते. विट्टीची तालीम या खोलीत झाली. पुढे तिच्या अभिनयात वाक्याच्या आधीचा श्वास आणि वाक्य तोडून मध्येच थांबणे या दोन गोष्टी इतक्या नेमक्या का येतात, त्याचे उत्तर आम्हाला तरी इथे सापडते.

तिचा आवाज घोगरा होता. किंचित फाटलेला, खालच्या पट्टीतला, वाक्य संपताना वाळूसारखा सरकणारा. त्या काळात नायिकेचा आवाज असा असू नये असा इटलीत पक्का समज होता. क्लाउदिया कार्दिनालेचा आवाजही असाच जाडसर होता, आणि तिला कित्येक वर्षे दुसऱ्याच स्त्रिया आवाज देत राहिल्या. तिचा स्वतःचा आवाज पडद्यावर आला तो १९६३ मध्ये, फेल्लिनीच्या चित्रपटात. विट्टीच्या बाबतीत अँटोनिओनीने पहिल्या चित्रपटापासून तिचाच आवाज ठेवला. आता याची दुसरी बाजू पाहा. ‘ला नोत्ते’मध्ये समोर जान मोरो आहे, ‘लेक्लिस्से’मध्ये आलाँ दलाँ, ‘इल देझेर्तो रोस्सो’मध्ये रिचर्ड हॅरिस. या तिघांचे इटालियन बोलणे दुसऱ्याच कुणाच्या तरी गळ्यातून आलेले आहे. त्या प्रसंगांत विट्टीचा चेहरा आणि आवाज एकाच व्यक्तीचा असतो आणि समोरच्याचा नसतो. ती पात्रे एकमेकांपासून तुटलेली का भासतात याची चर्चा समीक्षक पानेच्या पाने करतात, पण हे साधे यांत्रिक कारण त्यात फारसे आढळत नाही.

आता ते चार चित्रपट. ‘लाव्हेंतुरा’ (साहस) १९६० चा, १४३ मिनिटांचा. सिसिलीच्या उत्तरेच्या एओलियन बेटांपैकी लिस्का बियांका या खडकाळ बेटावर एक तरुणी नाहीशी होते. तिची मैत्रीण क्लाउदिया म्हणजे विट्टी. चित्रीकरणाच्या मध्यावर निर्मात्याचे पैसे संपले आणि सगळे पथक बेटावर अडकून पडले. फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवातल्या पहिल्या खेळाला प्रेक्षकांनी हुर्यो उडवली. त्यानंतर रोस्सेल्लिनीसह अनेक चित्रपटकारांनी सह्या करून पाठिंब्याचे निवेदन काढले, आणि महोत्सवाने चित्रपटाला परीक्षकांचे पारितोषिक दिले. दोनच वर्षांनी ‘साइट अँड साउंड’ या ब्रिटिश नियतकालिकाच्या जागतिक मतचाचणीत तो दुसऱ्या क्रमांकावर होता. या चित्रपटात विट्टी बेटावर हाका मारत फिरते ते ऐका. तीच हाक दर वेळी निराळी येते. वारा, लाटा आणि तिचा आवाज यांखेरीज तिथे जवळजवळ काहीच नाही.

‘ला नोत्ते’ (रात्र) १९६१ चा, १२२ मिनिटांचा. बर्लिन महोत्सवाचा सुवर्ण अस्वल मिळवणारा. यात विट्टी उत्तरार्धात येते, काळ्या केसांची, उद्योगपतीची मुलगी व्हालेंतीना. स्वतःच्या विचारांची ध्वनिफीत ती समोरच्या माणसाला ऐकवते आणि त्याच्या देखत पुसून टाकते. आपलाच आवाज यंत्रातून ऐकणारी नटी, आणि तीही डबिंगच्या खोलीत घडलेली! ‘लेक्लिस्से’ (ग्रहण) १९६२ चा, १२६ मिनिटांचा. आमच्या मते चारही चित्रपटांत तिचे सर्वांत मोकळे काम यात आहे. अर्ध्या प्रसंगांत ती हसते, लपते, नक्कल करते, आणि मागची विनोदी नटी पुन:पुन्हा डोके वर काढते. ‘इल देझेर्तो रोस्सो’ (तांबडे वाळवंट) १९६४ चा, ११७ मिनिटांचा, व्हेनिसचा सुवर्णसिंह मिळवणारा. अँटोनिओनीचा पहिला रंगीत चित्रपट. रावेन्नाच्या रासायनिक कारखान्यांच्या धुरात वावरणारी ज्युलियाना आजारी मुलाला एका बेटावरची गोष्ट सांगते. पडद्यावर गुलाबी वाळूचा किनारा आहे, पोहणारी लहान मुलगी आहे. विट्टी कुठेच दिसत नाही, फक्त ऐकू येते. साऱ्या चित्रपटात धास्तावलेला तो आवाज तेवढ्या गोष्टीपुरता शांत होतो. ‘बोलक्या डोळ्यांची’ म्हणणाऱ्याने हा प्रसंग एकदा डोळे मिटून ऐकावा.

लेख इथे थांबला. पण तिच्या कारकिर्दीचा मोठा भाग यानंतरचा आहे. इटलीचा सर्वोच्च चित्रपट पुरस्कार, दाविद दि दोनातेल्लो, तिला उत्कृष्ट अभिनेत्री म्हणून पाच वेळा मिळाला. ते पाचही पुरस्कार या चार चित्रपटांनंतरच्या कामासाठी आहेत. १९६६ मध्ये जोसेफ लोझीच्या ‘मॉडेस्टी ब्लेझ’मध्ये ती इंग्रजीत बोलली. तो प्रयोग फसला असे आमचे मत आहे. परक्या भाषेत वाक्य कुठे तोडायचे हे तिच्या हातात राहत नाही, आणि ते हातातून गेले की उरते ते केवळ सौंदर्य.

१९६८ चा मारिओ मोनिचेल्लीचा ‘ला रागात्सा कोन ला पिस्तोला’ (पिस्तूलवाली मुलगी) हा तिच्या कारकिर्दीचा खरा उंबरठा. सिसिलीच्या खेड्यातल्या अस्सुंताला एक पुरुष पळवून नेतो, तेही चुकून, आणि दुसऱ्या दिवशी टाकून ब्रिटनला पसार होतो. गावच्या रिवाजाप्रमाणे अब्रू धुऊन काढायला ती पर्समध्ये पिस्तूल घेऊन त्याच्या मागावर निघते: एडिंबरा, शेफील्ड, बाथ. सुरुवातीला काळे कपडे आणि पाठीवर लांब वेणी. मग गावागणिक तिचे कपडे बदलतात, चाल बदलते, शेवटी बोलणेही बदलते. ऑस्करच्या परभाषिक विभागात या चित्रपटाला नामांकन मिळाले. मेस्सिनातल्या बालपणाची आठवण इथे ठेवावी. अस्सुंताची सिसिलियन बोली ही शहरी नटीने चार दिवसांत घोटलेली बोली वाटत नाही, ती जिभेवरची आहे. आणि विनोद सगळा त्या बोलीच्या वेगात आहे. एरवी वाक्याआधी थांबणारी नटी इथे श्वासही न घेता बोलते आणि चुकीच्याच जागी थांबते.

१९७० मध्ये एत्तोरे स्कोलाच्या ‘द्राम्मा देल्ला जेलोझिया’ (मत्सराचे नाटक) मध्ये ती रोममधली फुले विकणारी आदेलाइदे झाली. एकीकडे गवंडी, म्हणजे मार्चेल्लो मास्त्रोयान्नी; दुसरीकडे पिझ्झा भाजणारा, म्हणजे जानकार्लो जान्नीनी. तिघेही अस्सल रोमन गल्लीची भाषा बोलतात. त्यातच वर्तमानपत्रात आणि दूरचित्रवाणीवर ऐकलेले जड शब्द भलत्या ठिकाणी वापरतात. मास्त्रोयान्नीला यासाठी कानमध्ये पुरस्कार मिळाला. विट्टीचे काम आम्हाला त्याच्या तोलाचेच वाटते.

आल्बेर्तो सोर्दी या नटाबरोबरची तिची जोडी इटलीत घराघरांत माहीत आहे. त्यातला १९७३ चा ‘पोल्वेरे दि स्तेल्ले’ (ताऱ्यांची धूळ) आपल्याकडच्या वाचकांना विशेष जवळचा वाटेल. युद्धकाळात गावोगाव फिरणारी, पोटाला चिमटा काढणारी नाटकमंडळी हा त्याचा विषय. तीच रंगभूषेची पेटी, तीच थकलेली देणी, आणि पडदा वर गेला की तोच उसना थाट. त्याआधीच्या, १९६९ च्या ‘आमोरे मिओ आयुतामी’मध्ये मात्र पतीने पत्नीला वाळूच्या टेकड्यांत बडवण्याचा लांबलचक प्रसंग विनोद म्हणून येतो. तो आज पाहवत नाही, आणि सार्वजनिक खेळासाठी आम्ही तो चित्रपट सुचवणार नाही.

पुढचे थोडक्यात. १९७४ मध्ये बुन्युएलच्या चित्रपटात छोटी भूमिका. १९८० मध्ये ‘इल मिस्तेरो दि ओबेरव्हाल्द’साठी पुन्हा अँटोनिओनी. हा व्हिडिओवर चित्रित करून, रंग इलेक्ट्रॉनिक यंत्रांवर बदलून मग फिल्मवर उतरवलेला प्रयोग होता. १९८३ च्या ‘फ्लर्ट’साठी पुढच्या वर्षी बर्लिनमध्ये रौप्य अस्वल. त्याचे दिग्दर्शक रॉबेर्तो रुस्सो यांच्याशी तिने २००० साली विवाह केला. १९९० मध्ये ‘स्कांदालो सेग्रेतो’ तिने स्वतः दिग्दर्शित केला. १९९५ मध्ये व्हेनिसने तिला संपूर्ण कारकिर्दीसाठी सुवर्णसिंह दिला. त्यानंतरची बरीच वर्षे स्मृती हिरावणाऱ्या आजारात गेली, आणि २ फेब्रुवारी २०२२ रोजी रोममध्ये तिचे निधन झाले. संपादक महाशय, आपल्या व्यवसायाशी निगडित एक गोष्टही नमूद करतो: फ्रान्सच्या ‘ल मोंद’ या दैनिकाने १९८८ सालीच तिच्या मृत्यूची खोटी बातमी छापली होती. तिच्या कारकिर्दीवर फुली मारण्याची घाई वर्तमानपत्रांनी याआधीही केली आहे ती अशी.

हे सारे बेळगावात का सांगायचे? कारण मूळ आवाज ऐकण्याची सवय इथल्या प्रेक्षकाला जात्याच आहे. कन्नडमध्ये परभाषिक चित्रपट डब करण्याला कर्नाटकातल्या चित्रपटसृष्टीचा अनेक दशके विरोध होता. २०१५ मध्ये स्पर्धा आयोगाचा निकाल आला आणि तो बांध फुटला. तोवर या भागात मराठी चित्रपट मराठीत, कन्नड कन्नडमध्ये आणि हिंदी हिंदीत, असे शेजारशेजारच्या थिएटरांत चालले. परक्या भाषेतला नट त्याच्याच गळ्याने ऐकायचा आणि अर्थ प्रसंगावरून लावायचा, हे इथे कुणाला शिकवावे लागत नाही. शांता हुबळीकर कन्नडभाषक. ‘प्रभात’च्या १९३९ च्या ‘माणूस’मध्ये त्या मराठी बोलल्या आणि गायल्या त्या स्वतःच्याच आवाजात, आणि मराठी प्रेक्षकाने तो आवाज डोक्यावर घेतला. विट्टीचे इंग्रजीत डब केलेले खेळ अशा प्रेक्षकापुढे ठेवणे हा त्याच्या कानांचा अपमान होईल.

म्हणून पहिली विनंती यादीबद्दल. चौकटीतले चारही चित्रपट अँटोनिओनीचे आहेत. त्यांपैकी ‘ला नोत्ते’ बाजूला ठेवावा, कारण त्यात विट्टीचे काम थोडे आहे. त्याच्या जागी ‘ला रागात्सा कोन ला पिस्तोला’ घ्यावा, आणि तो पहिल्या दिवशी लावावा. आधी तिचा सुटलेला वेग ऐकला की नंतर ‘लाव्हेंतुरा’तला तिचा थांबा थांबा म्हणून कळतो. उलट क्रमाने गेले तर पहिल्याच दिवशी निम्मा हॉल रिकामा होईल आणि दुसऱ्या दिवशी कुणी फिरकणार नाही. त्यानंतर ‘लेक्लिस्से’, मग ‘इल देझेर्तो रोस्सो’. पाचवा दिवस मिळालाच तर ‘द्राम्मा देल्ला जेलोझिया’.

दुसरी गोष्ट प्रतीची. चित्रपट सेकंदाला २४ चौकटींनी (फ्रेम) चालतो. युरोपातल्या जुन्या डीव्हीडी मात्र २५ चौकटींच्या आहेत, म्हणजे चित्रपट सुमारे ४ टक्के वेगाने पळतो. ‘लाव्हेंतुरा’ १४३ ऐवजी १३७ मिनिटांत संपतो, ‘लेक्लिस्से’ १२६ ऐवजी १२१ मध्ये. डब्यावरची वेळ पाहिली की चोरी लगेच कळते. सहा मिनिटे गेली याचे दुःख नाही, दुःख आवाजाचे आहे. पेटीवर एका पट्टीपासून लगतच्या पट्टीपर्यंत जेवढे अंतर, त्याच्या सुमारे सत्तर टक्के विट्टीचा आवाज वर चढतो. हुबळी-धारवाडचे गाणे ऐकलेल्या कानांना वेगळे सांगायला नको. तिचा घोगरेपणा पातळ होतो आणि ती कुणी दुसरीच तरुणी वाटू लागते. म्हणून २४ चौकटींची ब्लू-रे किंवा डिजिटल प्रतच घ्यावी, आणि ध्वनिमार्ग इटालियन निवडावा. काही प्रतींत इंग्रजी ध्वनिमार्ग आपोआप लागतो. खेळाआधी मेन्यूत जाऊन तो बदलून ठेवावा, प्रेक्षक बसल्यावर नाही.

चित्राचे प्रमाण चारही अँटोनिओनी चित्रपटांत १.८५ ला १ असे आहे. रुंद टीव्हीच्या प्रमाणाच्या प्रोजेक्टरवर वर-खाली जेमतेम दोन-दोन टक्क्यांच्या काळ्या पट्ट्या येतात. त्या घालवण्यासाठी ‘झूम’ किंवा ‘फिल’ करू नये. जुन्या चौकोनी टीव्हीसाठी कापलेल्या प्रती तर हातातही घेऊ नयेत. अँटोनिओनी विट्टीला चौकटीच्या अगदी कडेला उभी करतो, भिंतीजवळ किंवा खांबाआड. कडा कापल्या की प्रसंगात बोलणारी बाईच गायब होते. पडदा १२ फूट रुंद असेल तर चित्र साडेसहा फूट उंच भरले पाहिजे. टेपने मोजून पाहावे.

‘इल देझेर्तो रोस्सो’च्या रंगांसाठी एक सोपी कसोटी. या चित्रपटासाठी झाडे-भिंतीसुद्धा रंगवून घेतल्या होत्या. ज्युलियाना जिथे दुकान काढायचे म्हणते त्या गल्लीत फळांची हातगाडी आहे आणि तिच्यावरची फळे राखाडी आहेत. ती तुमच्या पडद्यावर हिरवी-पिवळी दिसली तर प्रोजेक्टर ‘डायनॅमिक’ किंवा ‘व्हिव्हिड’वर आहे. तो ‘सिनेमा’वर न्यावा, रंगतापमान ६५०० केल्व्हिनच्या आसपास ठेवावे, आणि रंगांची तीव्रता वाढवणारे सगळे पर्याय बंद करावेत. चित्र निस्तेज दिसते अशी तक्रार येईल. ते तसेच असायला हवे.

आवाजाची तयारी सर्वांत महत्त्वाची. हे चित्रपट मोनो, म्हणजे एकाच ध्वनिमार्गाचे, आहेत. पडद्यामागे किंवा पडद्याच्या मध्याखाली एकच चांगला स्पीकर पुरतो. लग्नाच्या हॉलमधले दोन्ही बाजूंचे मोठे स्पीकर लावले तर मागच्या भिंतीवरून प्रतिध्वनी येतो आणि तिचे वाक्याअखेरचे सरकणारे स्वर त्यात बुडतात. बेस कमी करावा, ‘इको’ पूर्ण बंद. पातळी ठरवायला ‘लेक्लिस्से’च उत्तम. रोमच्या शेअर बाजारातला गोंगाट हा त्यातला सर्वांत मोठा आवाज, आणि त्याच्या मध्येच एका मृत दलालासाठी पाळलेली मिनिटभराची शांतता. गोंगाट कान फोडत नाही आणि शांततेत दूर वाजणारे फोन ऐकू येतात, अशा जागी बटण थांबवावे आणि पुढे हात लावू नये.

त्याच चित्रपटाच्या सुरुवातीला एका खोलीत टेबलफॅन फिरतो आहे आणि दोन माणसे जवळजवळ काहीच बोलत नाहीत. तो पंखा हेच त्या प्रसंगाचे संगीत. हॉलचे छताचे पंखे चालू असतील तर हा प्रसंग मेलाच. म्हणून चित्रपट पंखे लागत नाहीत अशा दिवसांत ठेवावा: दिवाळीनंतर ते जानेवारीअखेर. जून ते सप्टेंबर हा काळ बेळगाव-खानापूरकडे वर्ज्यच समजावा, पत्र्याच्या छतावरच्या पावसात काहीही ऐकू येत नाही.

प्रोजेक्टर चालवणाऱ्याला ‘लेक्लिस्से’बद्दल दोन गोष्टी लिहून द्याव्यात. श्रेयनामावलीतले उडत्या चालीचे गाणे मध्येच तुटते आणि कर्कश वाद्ये सुरू होतात. तो प्रतीतला दोष नाही. आणि शेवटची सुमारे सात मिनिटे विट्टी व दलाँ दोघेही दिसत नाहीत. फक्त रस्ता, बांधकाम, पाण्याचे पिंप, बसमधून उतरणारी माणसे, आणि अखेर दिव्याचा झोत. इथे चित्रपट संपला असे समजून दिवे लावले जातात. दिवे ‘फिने’ (समाप्त) ही पाटी येऊन गेल्यावरच लावावेत. मध्यंतर शक्यतो नको. ‘लाव्हेंतुरा’ला द्यावेच लागले तर मंडळी बेट सोडतात तिथे, साधारण तासाभराने द्यावे, शोध चालू असताना कधीच नाही.

उपशीर्षके मराठीत करता आली तर फार मोठे काम होईल, आणि ते वाटते तितके अवघड नाही. दोनपेक्षा जास्त ओळी नकोत. एका ओळीत पाच-सहा शब्द. सेकंदाला दोन शब्द असा हिशेब धरावा, कारण मराठी शब्द प्रत्यय लागून लांबतात. सर्वांत लहान वाक्यही एक सेकंदभर राहावे, आणि सहा सेकंदांपेक्षा जास्त काही ठेवू नये, नाहीतर लोक ते पुन्हा वाचू लागतात. फाइल युनिकोडमध्ये साठवावी. पण ती पेनड्राइव्हवरून थेट प्रोजेक्टरला देऊ नये. बऱ्याच प्रोजेक्टरांना देवनागरी जुळवता येत नाही. पहिली वेलांटी अक्षराच्या मागे जाऊन पडते, जोडाक्षरे पाय मोडून उभी राहतात. संगणकावर चांगल्या देवनागरी टंकात उपशीर्षके चित्रातच पक्की करून घ्यावीत. अक्षराची उंची चित्राच्या विसाव्या भागाइतकी असावी, म्हणजे साडेसहा फुटी चित्रात चार इंच. तयार फाइल २५ चौकटींच्या प्रतीची आणि चित्रपट २४ चा असेल तर पहिल्या मिनिटाला काही कळत नाही, आणि तासाभराने उपशीर्षक सव्वादोन-अडीच मिनिटे आधी येते. उपशीर्षकांच्या कोणत्याही मोफत प्रणालीत चौकटींचा वेग बदलण्याची सोय असते, तिथे आधीच दुरुस्त करावे.

भाषांतर इंग्रजी उपशीर्षकांवरून करू नये. इटालियनमध्ये आपल्यासारखाच ‘तू’ आणि ‘तुम्ही’ असा भेद आहे, इंग्रजीत तो पुसला जातो. कोण कुणाला कधी अरे-तुरे करू लागते यावर पुष्कळ प्रसंग उभे आहेत, तेव्हा इटालियन जाणणाऱ्याकडून निदान सर्वनामे तरी तपासून घ्यावीत. बोलीचा प्रश्न नाजूक आहे. अस्सुंताच्या तोंडी पुणेरी मराठी घातली तर विनोद संपला. आपली ‘काय करालास’, ‘मी काम केलो’, ‘ये की’ ही भाषा तिला शोभून दिसेल. मात्र ती वाक्यावाक्याला पेरू नये. ब्रिटनमध्ये आल्यावर तिचे बोलणे बदलत जाते, तिथे ही रूपे हळूहळू कमी करावीत, आणि चिडली की परत आणावीत. वाचणाऱ्याला गंमत बोलीची नव्हे, अस्सुंताची वाटली पाहिजे.

शेवटी परवानगी. घरगुती डिस्कवर सार्वजनिक खेळाचा हक्क मिळत नाही, तिकीट नसले तरीही. हक्कधारकाकडून लेखी संमती घ्यावी लागते. सेन्सॉर प्रमाणपत्र नसलेल्या परदेशी चित्रपटासाठी १९५२ च्या चित्रपट कायद्याच्या नवव्या कलमाखाली केंद्राची सूटही लागते. दिल्लीतले इटलीचे सांस्कृतिक केंद्र किंवा फिल्म सोसायट्यांचा महासंघ यांच्यामार्फत गेले तर दोन्ही कामे सोपी होतात, पण हातात किमान तीन महिने ठेवावेत. डिसेंबरात खेळ करायचे तर पत्रे गणपतीआधीच जायला हवीत.

पुढच्या रविवारी पुरवणीत दोन ओळींची दुरुस्ती छापावी ही विनंती: विट्टीने शेवटचा चित्रपट १९९० मध्ये केला आणि तो स्वतः दिग्दर्शित केला. तिची पाचही दाविद पारितोषिके १९६४ नंतरच्या कामाची आहेत. इटालियन ध्वनिमार्ग आणि २४ चौकटींच्या प्रतीचा उल्लेख चौकटीतल्या सूचनेत जोडला तर खेळ आयोजित करणाऱ्यांच्या उपयोगी पडेल.

आपले,
काही चित्रपटप्रेमी वाचक,
टिळकवाडी, शहापूर व खानापूर (जि. बेळगाव)